पाण्याखालील विजयपुरी

प्राचीन नगरांचे अवशेष पाहावयास जाणे ही एके काळी महिनोन्महिन्यांची मोहीम असे. आता ती एका दिवसाची सहल झाली आहे. मेक्सिकोतील माया लोकांचे चिचेन इत्सा घ्या, नाही तर आपले वेरूळ घ्या. सकाळी बसमध्ये बसावे, मार्गदर्शकाच्या मागून दोन-तीन तास हिंडावे, फोटो काढावेत आणि रात्रीच्या जेवणाला घरी परतावे. अशा सहलींना नाक मुरडणाऱ्यांपैकी मी नाही. शाळामास्तराला सुट्ट्या बेताच्या आणि पैसा त्याहूनही बेताचा. एका दिवसात जेवढे पदरात पडेल तेवढे घ्यावे, असेच मी मानीत आलो आहे. परंतु गेल्या हिवाळ्यात अशाच एका सहलीत सातवीतल्या एका मुलीने मला एक प्रश्न विचारला, आणि इतकी वर्षे इतिहास शिकवूनही मला त्याचे उत्तर चटकन देता आले नाही. तो प्रश्न आज आपल्यापुढे ठेवावयाचा आहे.

मी मूळचा वसईचा; नोकरीनिमित्त हैदराबादेतील कुकटपल्ली येथे स्थायिक झालो. कुकटपल्लीच्या हाउसिंग बोर्डाच्या वसाहतीत तेलुगू कुटुंबांच्या शेजारी मराठी बिऱ्हाडेही आहेत. कोणी नांदेडचे, कोणी परभणीचे, कोणी पैठणकडचे. त्यांत नवल नाही. १९५६ सालच्या राज्यपुनर्रचनेपर्यंत मराठवाड्याचे पाच जिल्हे हैदराबाद राज्यातच होते आणि लोकांची जा-ये तेव्हापासूनची आहे. या घरांतील मुले रविवारी संध्याकाळी माझ्याकडे मराठी वाचावयास येतात. त्यांना व त्यांच्या आईवडिलांना घेऊन नागार्जुनकोंडा पाहून यावे, असे एकदा ठरले. बस ठरविली आणि एका शनिवारी पहाटे मेट्रोच्या पुलाखाली सारे जमलो. कोणाच्या हातात दशम्यांचा डबा, कोणाच्या पिशवीत संत्री. मुले जागी होती. मोठी माणसे पेंगत होती.

हैदराबादपासून नागार्जुनसागर सुमारे दीडशे किलोमीटर. इब्राहिमपट्टण मागे पडले की शहराचा पसारा सुटतो. मग नलगोंडा जिल्ह्याचे ते ओळखीचे दृश्य सुरू होते : एकावर एक रचून ठेवल्यासारखे काळपट धोंडे, मधून मधून ताडाची झाडे, कापसाची शेते. आणि मग एकाएकी समोर धरणाची भिंत उभी राहते.

ही भिंत पाहण्यासारखी आहे खरी. सुमारे १२४ मीटर उंच, सव्वीस दरवाजांची, आणि मुख्यत्वे दगडी बांधकामाची. जगातील मोठ्या दगडी धरणांत तिची गणना होते. १० डिसेंबर १९५५ रोजी पंडित नेहरूंच्या हस्ते तिची पायाभरणी झाली. त्या दिवशी कृष्णेचा डावा तीर हैदराबाद राज्यात होता आणि उजवा तीर आंध्र राज्यात. म्हणजे आपले पैठण आणि धरणाजवळचे नंदिकोंडा ही दोन्ही त्या दिवशी एकाच राज्यातील गावे होती! पुढच्याच वर्षी दोन्ही तीर आंध्र प्रदेशात एकत्र आले आणि २०१४ साली पुन्हा वेगळे झाले. आज डावीकडे तेलंगण, उजवीकडे आंध्र प्रदेश. राज्यांच्या सीमा अशा बदलतात. नदी मात्र होती तेथूनच वाहते. ४ ऑगस्ट १९६७ रोजी इंदिरा गांधींच्या हस्ते कालव्यांत पाणी सोडण्यात आले. लाखो एकर कोरडवाहू जमीन त्या पाण्याने भिजली. पुढे हैदराबाद शहरालाही या जलाशयाचे पाणी मिळू लागले.

धरणाच्या धक्क्यापासून नागार्जुनकोंडा सुमारे अकरा किलोमीटर. तेथे जावयाचे ते लाँचमधून. तेलुगूत कोंडा म्हणजे टेकडी. आज तिला लोक बेट म्हणतात, पण ती बेट झाली १९६०नंतर. त्यापूर्वी ती एका विस्तीर्ण खोऱ्याच्या काठी उभी असलेली टेकडी होती. तीन बाजूंना नल्लमलाच्या डोंगररांगा, चौथ्या बाजूस कृष्णा, आणि मध्ये निर्धास्त वाटावे असे सपाट खोरे. या खोऱ्यात इसवी सनाच्या तिसऱ्या शतकात इक्ष्वाकू राजांची राजधानी होती. तिचे नाव विजयपुरी.

सातवाहनांचे नाव मराठी माणसाला सांगावयास नको. पैठण, नाणेघाट, नाशिक ही सारी त्यांचीच नावे घेतात. त्यांची सत्ता मोडली तेव्हा पूर्वेकडे इक्ष्वाकूंनी राज्य उभारले आणि पश्चिमेकडे नाशिकच्या परिसरात आभीरांनी. विजयपुरीवर चार इक्ष्वाकू राजे होऊन गेले. पहिला वासिष्ठीपुत्र चांतमूल, त्याचा पुत्र वीरपुरुषदत्त, त्यानंतर एहुवुल चांतमूल आणि शेवटचा रुद्रपुरुषदत्त. साऱ्यांचा मिळून काळ सुमारे शंभर वर्षांचा. चांतमूलाने अश्वमेध केला होता. तो वैदिक यज्ञांचा अभिमानी. परंतु त्याचीच सख्खी बहीण चांतिसिरी हिने भाच्याच्या कारकिर्दीच्या सहाव्या वर्षी बौद्धांचा महाचैत्य सिद्धीस नेला. राजे यज्ञ करीत आणि त्यांच्या घरच्या स्त्रिया भिक्षूंसाठी विहार बांधीत. एकाच घरात दोन श्रद्धा नांदत होत्या आणि त्यावरून घर मोडल्याचे शिलालेखांत कोठे दिसत नाही. आपापल्या देवळात आणि चर्चमध्ये जाऊन एकाच जिन्यावर राहणाऱ्या आमच्या वसाहतीतील माणसांना हे ऐकून बरे वाटले.

ही विजयपुरी पुढे ओस पडली. दगड-विटा मातीखाली गेल्या आणि सोळा शतके तिचे नावही कोणाच्या ओठी राहिले नाही. १९२६ साली ती पुन्हा उजेडात आली, ती कोणामुळे? सुरपराजू वेंकटरामय्या नावाच्या स्थानिक शिक्षकामुळे! त्यांनी एक प्राचीन स्तंभ पाहिला आणि सरकारला कळविले. मग मद्रासच्या पुराभिलेख खात्यातील सरस्वती यांनी येऊन जागेची पाहणी केली. पुढे १९२७ ते १९३१ या काळात लाँगहर्स्ट यांनी उत्खनन केले. एका शाळामास्तराने रानातला एक खांब पाहून तो ‘नुसता दगड’ म्हणून सोडून दिला नाही, एवढ्यावरून एका राजधानीचा इतिहास हाती आला. लाँचमध्ये ही गोष्ट सांगताना माझा आवाज थोडा चढला होता, अशी माझ्या पत्नीची तक्रार आहे. ती मी मान्य करतो.

बेटावर उतरल्यावर थोडी चढण चढावी लागते. चौदाव्या शतकातील रेड्डी राजांच्या काळच्या किल्ल्याचा तट ओलांडला की वस्तुसंग्रहालय लागते. हिरवट-पांढऱ्या चुनखडीच्या दगडावरील ती शिल्पे पाहताना मुलेही गप्प झाली. बुद्धाच्या जीवनातील प्रसंग, जातककथा, मिरवणुका, घोडे, दागिने ल्यालेल्या स्त्रिया. तेथून पुढे टेकडीच्या माथ्यावर ठिकठिकाणी वास्तूंचे अवशेष मांडलेले आहेत. महाचैत्याची तळरचना चाकासारखी आहे. मध्ये तुंबा, त्यातून निघणाऱ्या विटांच्या आऱ्या, भोवती धाव. व्यास सुमारे ३२ मीटर. मार्गदर्शक सराईत होता. हे अमुक, ते तमुक, येथे उभे राहा, येथून फोटो चांगला येतो, असे त्याचे चालले होते. मग त्याने आम्हांला चुनखडीच्या रेखीव पायऱ्यांपाशी नेले आणि सांगितले, हा इक्ष्वाकूंच्या काळचा स्नानाचा घाट.

तेव्हा ती मुलगी माझ्याजवळ आली आणि म्हणाली, “सर, घाट आहे, पण नदी कुठंय?”

मी हसून खालच्या पाण्याकडे बोट दाखविले.

“तसं नाही सर. डोंगराच्या डोक्यावर घाट कोण बांधील? याची खरी जागा कुठंय?”

तिने अगदी नेमके धरले होते. टेकडीच्या माथ्यावर आंघोळीचा घाट असत नाही. आम्ही सकाळपासून जे पाहत होतो, त्यातील बरेचसे तेथले नव्हतेच. मार्गदर्शकाने तिचे बोलणे ऐकले असावे. तो थांबला, पाण्याकडे पाहून हळूच म्हणाला, “असली जगह पानी के नीचे है, बेटा.”

श्रोतेहो, ही हकीकत थोडी विस्ताराने सांगितली पाहिजे. कृष्णेवर धरण बांधावयाचे ठरले तेव्हाच हे सारे खोरे बुडणार हे स्पष्ट झाले. हातात थोडी वर्षे होती. १९५४ साली भारतीय पुरातत्त्व खात्याने डॉ. आर. सुब्रह्मण्यम यांच्या नेतृत्वाखाली उत्खनन सुरू केले आणि ते १९६०पर्यंत चालले. एकीकडे धरणाची भिंत वर चढत होती आणि दुसरीकडे हे लोक जमिनीत खाली उतरत होते. अश्मयुगापासून मध्ययुगापर्यंतची माणसाची वस्ती त्या खोऱ्यात थराथराने सापडली. तीसहून अधिक बौद्ध वास्तू, ब्राह्मणी देवालये, बांधीव पायऱ्यांचे क्रीडांगण, अश्वमेधाचे स्नानकुंड. मग त्यांतील निवडक नऊ वास्तू मूळ साहित्यासह उचलून टेकडीच्या माथ्यावर पुन्हा उभारल्या आणि चौदा वास्तूंच्या प्रतिकृती केल्या. क्रीडांगण आणि आणखी काही वास्तू उजव्या तीरावरील अनुपू येथे नेल्या. १९६६ साली बेटावरील संग्रहालय सुरू झाले. ईजिप्तमध्ये आस्वान धरणाच्या पाण्यापासून अबू सिंबेलचे मंदिर वाचविण्याचे काम १९६४ ते १९६८ या वर्षांत झाले आणि साऱ्या जगाने त्याची वाहवा केली. आपल्या लोकांनी त्याआधीच एक अख्खे खोरे खणून, मोजून, निवडून घेतले होते. त्यांचे ऋण मानले पाहिजे.

परंतु जे निवडले त्यापेक्षा जे निवडता आले नाही ते कितीतरी अधिक होते, हेही तितकेच खरे. वास्तू उचलता येते. तिची जागा उचलता येत नाही. घाट वर आला, पण घाटाकडे जाणारी वाट, पलीकडची वेस, वाऱ्याची दिशा ही खालीच राहिली.

हे मला कळावयास हवे होते, कारण अवशेषांच्या अंगणातच मी वाढलो. वसईच्या किल्ल्यात पोर्तुगीजांच्या काळची छपरे नसलेली चर्चे आहेत. १७३९ साली चिमाजीअप्पांनी किल्ला घेतला आणि पुढे त्या वास्तू ओस पडल्या. लहानपणी आजी मला तेथे घेऊन जाई. ती शाळेत गेलेली नव्हती. पण “इथं वेदी होती, इथं माणसं गुडघे टेकायची, इथं पायाखाली थडगी आहेत, जपून चाल,” असे ती बोट दाखवून सांगे. माझ्या आयुष्यातील पहिली मार्गदर्शक ती. दगड कितव्या शतकातला हे तिला ठाऊक नव्हते. माणसे कोठे उभी राहत हे तिला ठाऊक होते.

जेवणाच्या वेळी मार्गदर्शक आमच्यातच बसला. दशमी त्याला फार आवडली. बोलता बोलता तो मला म्हणाला, “मास्टरसाब, हमारे दादा का गाँव भी वहीं नीचे है.” आणि त्याने बेटाच्या एका बाजूस पसरलेल्या पाण्याकडे हनुवटीने खूण केली. रोज लोकांना तिसऱ्या शतकातील राजांची नावे सांगणारा हा तरुण. त्याच्या आजोबांच्या गावाचे नाव त्याला कोणी कधी विचारले नव्हते. विजयपुरी दोनदा नाहीशी झाली. एकदा मातीखाली, एकदा पाण्याखाली. पण दुसऱ्या वेळी तिच्याबरोबर जिवंत गावेही गेली. त्यांच्या चुली, विहिरी, पारावरचे देव, स्मशाने. वास्तूंसाठी टेकडी होती. माणसे जिकडे वाट फुटेल तिकडे गेली.

धरण नको होते असे मी म्हणत नाही. ज्या शहराची तहान या पाण्याने भागते त्या शहरात राहून तसे म्हणणे खोटेपणाचे होईल. दुष्काळाचे चटके सोसलेल्या शेतकऱ्याला कालव्याचे पाणी दिसणे म्हणजे काय, हे मराठवाड्यातील माणसाला समजावून सांगावे लागत नाही. परंतु घेतलेल्या वस्तूची किंमत कोणी दिली, एवढे तरी घेणाऱ्याला ठाऊक असावे.

मायांच्या नगरांत गेलेल्या प्रवाशांना पूर्वी सर्रास सांगत, की ते लोक गूढपणे नाहीसे झाले. नगरे ओस पडली हे खरे. लोक मात्र नाहीसे झाले नाहीत. मेक्सिको आणि ग्वाटेमाला या देशांत आजही लाखो माणसे माया भाषा बोलतात. भग्न भिंतींपुढे उभे राहिले की जिवंत माणूस डोळ्यांआड होतो. हा दोष तेथला तसा येथलाही आहे.

आता आणखी एक गोष्ट सांगतो. नागार्जुनकोंड्याच्या खोऱ्यात जे शिलालेख मिळाले, त्यांची भाषा मुख्यत्वे प्राकृत आणि लिपी ब्राह्मी. आपल्या कार्ल्याच्या आणि नाशिकच्या लेण्यांतील लेखांशी त्यांचे नाते आहे. त्यांपैकी एक लेख बोधिसिरी नावाच्या उपासिकेचा आहे. ती राणी नव्हे, राजकन्या नव्हे. वीरपुरुषदत्ताच्या चौदाव्या वर्षी तिने सिंहलद्वीपाच्या आचार्यांसाठी चैत्यगृह बांधून दिले आणि त्या आचार्यांनी कोणकोणत्या देशांत धर्म पोचविला त्यांची यादी कोरून ठेवली. काश्मीर, गांधार, चीन, तोसली, वंग, वनवासी, यवन, द्रविड, आणि त्यांतच अपरांत. अपरांत म्हणजे आपले कोकण! आणि अपरांताचे प्रमुख बंदर होते शूर्पारक, म्हणजे आमच्या वसईलगतचे सोपारे. दुसऱ्या एका लेखात वसुसेन या आभीर राजाचे नाव येते. आभीरांचा लेख नाशिकच्या लेण्यातही आहे. कुकटपल्लीहून परमुलखातील अवशेष पाहावयास म्हणून निघालेलो आम्ही. त्या अवशेषांत आमचेच मुलूख कोरलेले निघाले. बसमध्ये मुलांना हे सांगितले तेव्हा नाशिककडचा एक मुलगा जागेवरून उठूनच उभा राहिला.

त्याच सोपाऱ्याला १८८२ साली पंडित भगवानलाल इंद्रजी यांना अशोकाच्या एका शिलालेखाचा तुकडा सापडला. तो आठव्या लेखाचा आहे. पुढे १९५६ साली जवळच्याच भुईगावला नवव्या लेखाचाही तुकडा मिळाला. आठव्या लेखाचा विषय कोणता, तर प्रवास! पूर्वीचे राजे विहारयात्रांना जात, म्हणजे शिकारीला व मौजेला. अशोकाने त्याऐवजी धर्मयात्रा सुरू केली. या धर्मयात्रेत काय करावयाचे? श्रमण-ब्राह्मणांना भेटावयाचे, वृद्धांची विचारपूस करावयाची, आणि जनपदातील, म्हणजे खेड्यापाड्यांतील माणसांना भेटून त्यांच्याशी बोलावयाचे. लहानपणापासून मी तो तुकडा ‘आमच्या सोपाऱ्याचा दगड’ म्हणून अभिमानाने मिरवीत आलो. त्याचा अर्थ मला परतीच्या बसमध्ये, रात्रीच्या अंधारात, पेंगणारी मुले पाहताना उमगला. सकाळी आम्ही विहारयात्रेला निघालो होतो. एका मुलीच्या प्रश्नाने आणि एका तरुणाच्या आजोबांच्या गावाने तिची जात बदलली होती.

पुढच्या रविवारी मी मुलांना एकच काम सांगितले. घरातील सर्वांत वयस्कर माणसाला विचारा, आपले एखादे गाव, शेत किंवा देऊळ पाण्याखाली गेले आहे काय. आणि सांगतील तसे लिहून आणा. मला वाटले होते, दोन-तीन वह्या भरतील. पण कोणी उजनीचे आणले. तेथील पळसदेवाचे प्राचीन देऊळ पाणी ओसरले की वर येते, हे आपल्याला ठाऊकच आहे. घाटाचा प्रश्न विचारणाऱ्या मुलीची आजी पैठणकडची. पैठणलाही धरण झाले. १९६५ साली लालबहादूर शास्त्रींनी पाया घातला, १९७६ साली ते पुरे झाले. नाथसागर म्हणून आज आपण त्याचे कौतुक करतो. आजीचे माहेर त्याच पाण्यात गेले. नातीने तिला विचारून एक नकाशा काढून आणला. त्यात वेस होती, चिंचेचे झाड होते, आडाची जागा फुलीने दाखविली होती. “आजीला कुणी विचारलंच नव्हतं, सर. ती दोन तास बोलत होती,” असे ती म्हणाली.

श्रोतेहो, आपणही केव्हा तरी अशा सहलीला जाल. अवश्य जा. डबा न्या, फोटो काढा, मार्गदर्शक सांगतो ते नीट ऐका. त्याचे सांगून झाले म्हणजे त्याला एक प्रश्न विचारा, की याची खरी जागा कोठे होती आणि तेथली माणसे कोठे गेली? उत्तर त्याच्या पाठ केलेल्या माहितीत नसेल, तर तो क्षणभर थांबेल. आपणही थांबा. मग तो जे सांगेल ते घरी येऊन लिहून ठेवा.